एकाच घड्याळाचा आग्रह कोणासाठी?

केंद्रीय ग्राहक व्यवहार मंत्रालयाने जानेवारी २०२५ मध्ये भारतीय प्रमाणवेळेसंबंधीच्या नियमांचा मसुदा प्रसिद्ध केला आणि त्यावर १४ फेब्रुवारीपर्यंत सूचना मागविल्या. वैध मापनशास्त्राच्या कायद्याखालचा हा मसुदा. वजनेमापे, तराजू आणि पेट्रोल पंपांची तपासणी यांच्याशी ज्या कायद्याचा संबंध असतो, त्याच कायद्याने घड्याळालाही कवेत घ्यावयाचे, अशी ही योजना आहे. कायदेशीर, प्रशासकीय, व्यापारी आणि आर्थिक व्यवहारांत यापुढे भारतीय प्रमाणवेळच वापरावी लागेल. परवानगीखेरीज अन्य वेळेचा वापर, नोंद किंवा प्रदर्शन करता येणार नाही, असे हा मसुदा सांगतो. खगोलशास्त्र, नौकानयन आणि वैज्ञानिक संशोधन यांना पूर्वपरवानगीने सवलत आहे. 'एक देश, एक वेळ' ही घोषणा त्याच्या जोडीला आलीच.

वृत्तपत्रांच्या आतल्या पानांवर चार ओळी येऊन ही बातमी विरली. देशभर एकच वेळ आहे, हे आपण लहानपणापासून गृहीत धरून चालतो. मग त्यासाठी वेगळा नियम कशाला, असा प्रश्न सामान्य वाचकाला पडला असल्यास नवल नाही.

नियमाची गरज मात्र खरी आहे. शेअर बाजारातील सौदे, बँकांमधील रकमांची देवाणघेवाण, मोबाइलचे मनोरे आणि विजेचे जाळे या सर्वांना सेकंदाच्या अत्यंत सूक्ष्म अंशापर्यंत जुळणारी वेळ लागते. भारतीय प्रमाणवेळ अधिकृतपणे राखण्याचे काम दिल्लीची राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळा आण्विक घड्याळांच्या साह्याने करते. तरीही देशातील अनेक यंत्रणा जीपीएससारख्या परकीय उपग्रहांवरून वेळ घेत आल्या आहेत. हे परावलंबन संपवावे यासाठी प्रयोगशाळा आणि इस्रो यांच्या सहकार्याने अहमदाबाद, बंगळुरू, भुवनेश्वर, फरिदाबाद आणि गुवाहाटी येथील पाच केंद्रांमधून वेळ पुरविण्याचा प्रकल्प आखण्यात आला. त्याला कोणी विरोध करण्याचे कारण नाही.

घोटाळा होतो तो पुढे. वेळेचा उगम एक असणे आणि देशभर घड्याळात एकच वाजलेले असणे, या दोन भिन्न गोष्टी आहेत. एकाच आण्विक घड्याळावरून दोन विभागांना तासाच्या फरकाने वेळ देता येते. सेकंद तोच राहतो, बदलतो तो फक्त तासाचा आकडा. 'एक देश, एक वेळ' या घोषणेत या दोन्ही गोष्टी एकत्र कालविल्या गेल्या आहेत. पहिलीच्या बाजूने दिलेली कारणे दुसरीलाही आपोआप लागू पडतात, असा समज त्यामुळे होतो. भारत पूर्व-पश्चिम सुमारे २९ रेखांशांत पसरलेला आहे. अरुणाचलच्या पूर्व टोकाला सूर्य उगवल्यावर कच्छच्या पश्चिम टोकाला तो दिसायला जवळजवळ दोन तास लागतात.

या वादाकडे तटस्थपणे पाहण्याची मुभा मुंबईकराला तरी नाही. प्रमाणवेळेविरुद्ध देशात सर्वाधिक काळ हट्टाने उभे राहिलेल्या शहरांत मुंबईचा क्रमांक वरचा आहे. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात रेल्वे मद्रासच्या वेळेवर धावत असे. शहरातले व्यवहार मात्र मुंबईच्या स्थानिक वेळेने चालत. १८८१ साली गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांच्या सरकारने मुंबईवर मद्रासची वेळ लादून पाहिली. शहरातून इतका विरोध झाला की दोन वर्षांत माघार घ्यावी लागली. पुढे १ जानेवारी १९०६ पासून साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशावर आधारलेली, ग्रीनिचच्या साडेपाच तास पुढे असणारी भारतीय प्रमाणवेळ लागू झाली. मुंबईची वेळ ग्रीनिचच्या ४ तास ५१ मिनिटे पुढे होती. म्हणजे शहराला आपली घड्याळे ३९ मिनिटे पुढे सरकवावी लागणार होती.

एकोणचाळीस मिनिटांनी काय बिघडते, असे आज वाटेल. पण जानेवारीत मुंबईत सूर्य आजच्या घड्याळाप्रमाणे सव्वासातच्या सुमारास उगवतो. तेव्हाच्या मुंबई वेळेनुसार ते साधारण साडेसहा होत. गिरणीचा भोंगा घड्याळाप्रमाणे त्याच आकड्यावर वाजणार असेल, तर कामगाराला सूर्याच्या हिशेबाने ३९ मिनिटे आधी, थंडीत आणि अंधारात घर सोडणे भाग होते. त्याच महिन्यात काही हजार गिरणी कामगार बिथरले, त्यांनी माग चालविण्यास नकार दिला आणि गिरण्यांवर दगडफेक झाली. शहरात निवेदनांवर पंधरा हजारांहून अधिक सह्या झाल्या. वंगभंगाला जेमतेम तीन महिने होत होते. सरकारकडून येणाऱ्या प्रत्येक 'सुधारणे'कडे संशयाने पाहिले जाण्याचे ते दिवस. घड्याळाचा काटाही सरकारचाच ठरला.

महापालिकेत फिरोजशहा मेहतांनी या विरोधाचे नेतृत्व केले आणि पालिकेच्या घड्याळांनी मुंबई वेळच दाखवावी, असा निर्णय झाला. तेव्हापासून या शहरात दोन वेळा नांदू लागल्या. रेल्वे स्थानकात एक, पालिकेच्या घड्याळात दुसरी. भेटीची वेळ ठरविताना 'कोणती वेळ?' असे विचारणे आवश्यक झाले. ही दुहेरी व्यवस्था चार दशकांहून अधिक काळ टिकली आणि पन्नासच्या दशकात संपुष्टात आली. कोलकात्यानेही आपली वेळ १९४८ पर्यंत सोडली नव्हती. ही दोन्ही शहरे वळली ती स्वातंत्र्यानंतर. तोवर रेल्वे, तारखाते आणि आकाशवाणी यांनी सामान्य माणसाचा दिवस प्रमाणवेळेला बांधून टाकला होता. सरकारही आता परके राहिले नव्हते. हुकमाने जे चार दशकांत साधले नाही ते सोयीने आणि विश्वासाने साधले, असे हा इतिहास पाहता म्हणावे लागते.

याच्या उलट उदाहरणही आपल्याकडे आहे. स्वतंत्र भारताने पंचांगांतील गोंधळ मिटविण्यासाठी १९५२ साली शास्त्रज्ञ मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. देशात तेव्हा सुमारे तीस पंचांगे प्रचलित होती. समितीने सौर मासांची, शक वर्षाची सुबक पद्धत आखली. २२ मार्च १९५७ रोजी, म्हणजे १ चैत्र १८७९ या दिवशी, ती राष्ट्रीय दिनदर्शिका म्हणून स्वीकारण्यात आली. शास्त्रीयदृष्ट्या तिच्यात खोट काढणे कठीण आहे. तरीही ती राजपत्राच्या माथ्यावर आणि आकाशवाणीच्या उद्घोषणेत राहिली. पगार इंग्रजी महिन्याने होत राहिला, सण तिथीने येत राहिले. तिसऱ्या कालगणनेला घरात जागाच उरली नाही. तिथी आणि तारीख यांची ओढाताण आपण शिवजयंतीच्या निमित्ताने दरवर्षी अनुभवतो. २०२३ मध्ये राज्याभिषेकाच्या ३५० व्या वर्षाचा सोहळा रायगडावर २ जूनला तिथीने आणि ६ जूनला तारखेने असा दोनदा झाला. त्याने राज्याची एकात्मता धोक्यात आली, असे कोणी म्हटल्याचे ऐकिवात नाही.

संकष्टीचे उदाहरण तर घरोघरचे आहे. भिंतीवरच्या दिनदर्शिकेत चंद्रोदय मुंबईचा दिलेला असतो आणि नागपूरच्या माणसाला ठाऊक असते, की आपला चंद्र साधारण पंचवीस मिनिटे आधी उगवेल. उपास सोडण्यापुरता प्रत्येक गाव आपल्या आकाशाप्रमाणे वागते आणि दुसऱ्या दिवशी सगळे एकाच वेळेची गाडी पकडतात. सूर्योदयापासून साठ घटिका मोजणाऱ्या समाजाला स्थानिक वेळ ही कल्पना मुळीच परकी नाही. परका होता तो सर्वत्र सारखा वाजणारा तास.

आता ईशान्येकडे वळू. जूनमध्ये गुवाहाटीत पहाटे साडेचारच्या सुमारास सूर्य उगवतो. कार्यालये दहाला उघडतात. म्हणजे कामकाज सुरू होण्यापूर्वीच साडेपाच तासांचा उजेड निघून गेलेला असतो. डिसेंबरात दुपारी साडेचारला तिथे दिवेलागण होते आणि शाळा-कचेऱ्यांतून मुले व स्त्रिया अंधारात घरी परततात. नकाशा पाहिला तर विसंगती अधिकच ठळक होते. आसामच्या पश्चिमेला असलेल्या ढाक्याचे घड्याळ गुवाहाटीच्या अर्धा तास पुढे आहे. पश्चिमेकडच्या शेजाऱ्याची संध्याकाळ घड्याळात आधी यावी, हा प्रकार भूगोलाच्या कोणत्याही पुस्तकात बसणारा नाही.

आसामच्या चहामळ्यांनी यावर इंग्रजांच्या काळापासून स्वतःचा मार्ग काढला आहे. 'बागान टाइम' या नावाने ओळखली जाणारी त्यांची वेळ प्रमाणवेळेच्या एक तास पुढे असते. १९५१ च्या मळा कामगार कायद्यात अशा स्थानिक वेळेला वाव ठेवण्यात आला होता. तेव्हाच्या कायदेकर्त्यांना देशाच्या एकतेची काळजी आजच्यापेक्षा कमी होती, असे मानण्याचे कारण नाही. फाळणीचे घाव ताजे होते. ही वेळ 'व्यापारी व्यवहारांत अन्य वेळ वापरता येणार नाही' या नव्या मसुद्यातील वाक्याखाली चिरडली जाणार काय, याची चर्चा व्हायला हवी होती.

तत्कालीन मुख्यमंत्री तरुण गोगोई यांनी जानेवारी २०१४ मध्ये आसामसाठी वेगळ्या वेळेची भूमिका मांडली होती. २०१७ साली अरुणाचलचे मुख्यमंत्री पेमा खांडू यांनीही तशीच मागणी केली. पक्ष वेगळे, मागणी एकच. त्याच वर्षी गुवाहाटी उच्च न्यायालयाने यासंबंधीची जनहित याचिका फेटाळली. २०१८ मध्ये मात्र खुद्द राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेच्या शास्त्रज्ञांनी 'करंट सायन्स' या नियतकालिकात लेख लिहून दोन विभाग तांत्रिकदृष्ट्या शक्य असल्याचे दाखविले. एका विभागाची वेळ ग्रीनिचच्या साडेपाच तास पुढे, दुसऱ्याची साडेसहा तास पुढे, आणि दोहोंमधील रेषा आसाम व पश्चिम बंगालच्या सीमेलगत. वर्षाला सुमारे दोन कोटी युनिट विजेची बचत होईल, असा त्यांचा अंदाज होता. देशाची वेळ राखण्याची जबाबदारी ज्या संस्थेवर आहे, तिच्याच शास्त्रज्ञांचे हे म्हणणे होते. सरकारने ते मानले नाही आणि सामरिक कारणांसाठी दोन विभाग नकोत, असे पुढच्या वर्षी संसदेत सांगितले.

सरकारच्या बाजूची कारणे हलकी नाहीत. सीमेवर गाड्यांची वेळ बदलताना चूक झाली तर अपघाताची भीती आहे. म्हणूनच शास्त्रज्ञांनी देशाचा अगदी चिंचोळा भाग निवडला, जिथे वेळ बदलावी लागणारी स्थानके मोजकीच आहेत. बँका आणि कार्यालये यांचा परस्परांशी जुळणारा वेळ तासाने घटेल, हेही खरे. आणि ज्या प्रदेशात फुटीरतेच्या चळवळी होऊन गेल्या, तिथे वेगळे घड्याळ ही वेगळेपणाची खूण ठरेल, अशी शंका दिल्लीला वाटते. ही शंका उघड बोलली जात नाही. पण खरी अडचण तीच आहे.

या शंकेची शहानिशा चीनच्या उदाहरणावरून करता येईल. १९४९ नंतर चीनने पाच कालविभाग मोडून सर्वत्र बीजिंगची वेळ लागू केली. पश्चिमेकडच्या शिनजियांगमध्ये त्यामुळे हिवाळ्यात सकाळचे दहा वाजले तरी धड उजाडत नाही. तिथे उइगुर समाजात बीजिंगच्या दोन तास मागे असलेली अनौपचारिक वेळ चालते, तर हान चिनी लोक बहुधा बीजिंगची वेळ सांगतात. माणूस कोणती वेळ सांगतो यावरून तो कोणाच्या बाजूचा, हे ओळखले जाऊ लागले. जी फूट टाळण्यासाठी एक वेळ ठेवली, ती फूट मनगटावर बांधली गेली.

एकच वेळ ठेवण्याची किंमत ईशान्येलाच मोजावी लागते असेही नाही. तेव्हा कॉर्नेल विद्यापीठात संशोधक असलेल्या मौलिक जगनानी यांच्या भारताविषयीच्या अभ्यासानुसार, सूर्यास्त एक तास उशिरा होणाऱ्या भागांत मुलांची झोप सुमारे अर्ध्या तासाने कमी होते. शाळेची घंटा सर्वत्र ठरावीक वेळेला, पण पश्चिमेकडे अंधार उशिरा पडतो, म्हणून मुले उशिरा निजतात. गरीब घरांत याचा फटका अधिक बसतो. मुंबई-गुजरातच्या पट्ट्यातील पालकांनी हे वाचायला हवे. त्या दृष्टीने पाहता, बंगळुरूच्या राष्ट्रीय प्रगत अध्ययन संस्थेतील अभ्यासकांनी सुचविलेला, साऱ्या देशाची घड्याळे अर्धा तास पुढे करण्याचा तोडगा पूर्वेला थोडा दिलासा देईल. पश्चिमेच्या मुलांची झोप मात्र आणखी कापेल. एका आकड्यात सर्वांना बसविण्याचा प्रयत्न केला की कोणाचे तरी अंग उघडे राहतेच.

वेळेचा एक उगम कायद्याने ठरविताना विभागीय वेळ अधिसूचनेद्वारे निश्चित करण्याचा अधिकार केंद्राने स्वतःकडे राखून ठेवणे अवघड नाही. आज दोन विभाग करा, असा त्याचा अर्थ होत नाही. पुढे मागे आसाम, अरुणाचलच्या विधानसभांनी मागणी केली तर कायदा आडवा येऊ नये, इतकेच. तोवर चहामळ्यांच्या वेळेला सवलतींच्या यादीत खगोलशास्त्राच्या शेजारी एक ओळ मिळाली तरी हजारो मजुरांचा प्रश्न सुटेल. सूक्ष्म वेळ पुरविणाऱ्या पाच केंद्रांपैकी एक गुवाहाटीत आहे. तिथले घड्याळ अत्यंत काटेकोरपणे सांगेल, की जूनच्या सकाळी ऊन चांगले वर आले आहे आणि सरकारी कार्यालय उघडायला अजून चार तास आहेत.