कार्ड हरवले, धान्य का थांबावे?

पुराचे पाणी घरात शिरते तेव्हा भांडीकुंडी आणि अंथरूण-पांघरुणाबरोबर कागदही वाहून जातात. २६ जुलै २००५ ला मुंबईत, २०१९ मध्ये सांगली-कोल्हापुरात आणि २०२१ मध्ये चिपळूण-महाडमध्ये हजारो कुटुंबांनी हे अनुभवले. झोपडपट्टीला आग लागते, ऊसतोड कामगारांच्या कोप्या जळतात, लोकलच्या गर्दीत पिशवी कापली जाते, तेव्हाही रेशनकार्ड जाते. ज्यांच्याकडे गोदरेजचे कपाट नाही त्यांचीच कागदपत्रे जास्त हरवतात आणि कागदावाचून ज्यांचे सर्वाधिक अडते तेही हेच लोक. दुय्यम शिधापत्रिका मिळवण्याची वाट त्यांच्यासाठी सर्वांत सोपी असायला हवी होती. ती आज सर्वांत खडतर आहे.

मुळात रेशनकार्ड हरवल्याने नेमके काय हरवते? धान्याचा हक्क तर नक्कीच नाही. राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा २०१३ चा. महाराष्ट्रात त्याची अंमलबजावणी १ फेब्रुवारी २०१४ पासून सुरू झाली. प्राधान्य कुटुंबातील प्रत्येक माणसाला महिन्याला पाच किलो आणि अंत्योदय कुटुंबाला ३५ किलो धान्य हा या कायद्याने दिलेला हक्क आहे. हे धान्य जानेवारी २०२३ पासून मोफत मिळते आणि जानेवारी २०२४ पासून पुढे पाच वर्षे ते मोफतच राहणार आहे. या हक्काची नोंद पूर्वी खरोखरच त्या पिवळ्या किंवा केशरी पुस्तिकेत असे. दुकानदार महिन्याच्या रकान्यात आकडा लिही, सही करी आणि तेवढाच पुरावा उरे. आज तसे नाही. प्रत्येक कार्डाला बारा अंकी नंबर आहे, कुटुंबातील माणसांचे आधार त्याला जोडलेले आहेत आणि दुकानातल्या पॉस मशीनवर अंगठा लावला की कुटुंबाचे किती धान्य शिल्लक आहे ते पडद्यावर दिसते. पावतीही निघते. बीडचा ऊसतोड कामगार कोल्हापुरातल्या दुकानातून, बिहारचा गवंडी भिवंडीतल्या दुकानातून धान्य घेऊ शकतो, ते याच नोंदीच्या बळावर. ‘एक देश एक रेशनकार्ड’ योजना ऑगस्ट २०१९ मध्ये ज्या चार राज्यांत प्रथम सुरू झाली, त्यांत गुजरातबरोबर महाराष्ट्रही होता. हजार किलोमीटरवरच्या अनोळखी दुकानदाराला पुस्तिका लागत नाही, तर गल्लीतल्या दुकानदाराला ती का लागावी?

तरीही ती मागितली जाते. ‘कार्ड आणा, मग बघू’ हे वाक्य रेशन दुकानाच्या दारात आजही ऐकू येते. ज्याला आपला हक्क मशीनमध्ये आहे हे ठाऊक नाही, तो तसाच परत फिरतो. मग सुरू होते तहसील कार्यालयाच्या पुरवठा शाखेची किंवा मुंबईत शिधावाटप कार्यालयाची वारी. अर्जाबरोबर पोलीस ठाण्यातून कार्ड हरवल्याचा दाखला, प्रतिज्ञापत्र, दुकानदाराचे पत्र, फोटो, आधारच्या प्रती असे एकेक सांगितले जाते, आणि तेही एका फेरीत नाही. पोलीस ठाण्यात ‘उद्या या’, तहसीलमध्ये ‘साहेब मिटिंगला गेलेत’, दुकानात ‘पत्र परवा देतो’. प्रत्येक फेरीला एक दिवसाची मजुरी बुडते. शेवटी कार्यालयाबाहेर टेबल मांडून बसलेला एजंट गाठावा लागतो. सरकारी शुल्क किरकोळ असते, पण एजंटाचे दर तो स्वतः ठरवतो. एवढे झाल्यावर हाती पडणारी वस्तू म्हणजे संगणकात आधीपासून असलेल्या माहितीची छापील प्रत. नवी पात्रता तपासायची नसते, नवे नाव घालायचे नसते. छापून द्यायला दहा मिनिटे पुरावीत, त्याला महिने लागतात.

यातले बरेच अडथळे सरकारने कागदोपत्री कधीच दूर केले आहेत. ९ मार्च २०१५ च्या शासन निर्णयाने राज्याने शासकीय कामांसाठी प्रतिज्ञापत्राऐवजी स्वयंघोषणापत्र आणि राजपत्रित अधिकाऱ्याच्या सहीऐवजी स्वयंसाक्षांकन स्वीकारण्याचे धोरण जाहीर केले. नागरिकाच्या शब्दावर विश्वास ठेवायचा, हा त्यामागचा विचार होता आणि तो योग्यच होता. त्याच वर्षी महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम आला. मुदतीत सेवा न देणाऱ्या अधिकाऱ्याला पाचशे ते पाच हजार रुपये दंड करण्याची आणि खात्यात दोन व आयोगाकडे तिसरे अपील करण्याची तरतूद त्यात आहे. मात्र अपील करायचे तर आधी अर्जाची पोच हातात हवी, आणि खिडकीवर तोंडी परत पाठवलेल्या माणसाकडे पोच कुठून असणार? या कायद्याचा दट्ट्या तिथेच निकामी होतो. पुरवठा खात्याच्या वरिष्ठांनी कागदावरची प्रलंबित प्रकरणे मोजण्यापेक्षा खिडकीवरून न नोंदवता परत गेलेली माणसे कशी मोजता येतील याचा विचार करावा.

राज्याने २०२३ पासून ई-शिधापत्रिका दिली आहे. संकेतस्थळावरून ती उतरवून घेता येते आणि त्यासाठी शुल्क नाही. हे पाऊल खरोखर चांगले आहे आणि शहरी, शिकलेल्या कुटुंबाचा प्रश्न त्याने सुटला. पण त्यासाठी चालू मोबाइल हवा, त्यावर येणारा ओटीपी हवा, छापायला प्रिंटर हवा. ज्या बाईचा मोबाइल कार्डाबरोबर त्याच पिशवीतून चोरीला गेला, किंवा ज्या कुटुंबाने तीन वेळा सिमकार्ड बदलले आणि आधारला जुनाच नंबर राहिला, त्यांना ही सोय दुरून दिसते, हाती लागत नाही. आधारचे कार्ड हरवले तर पन्नास फॉर्म न भरता नवे कार्ड टपालाने घरी येते. अन्नाच्या कार्डाला तेवढा मान का नाही?

आणि प्रत्येक ‘हरवलेले’ कार्ड खरोखर हरवलेले असते असेही नाही. आदिवासी पाड्यांवर अडीअडचणीला घेतलेल्या उसनवारीपोटी रेशनकार्ड गहाण ठेवले जाते. ते सावकाराच्या पेटीत पडून असते. कुठे दुकानदारच ‘एंट्री करायची आहे’ म्हणून कार्डांचा गठ्ठा स्वतःकडे ठेवतो. सार्वजनिक वितरण व्यवस्थेच्या नियंत्रण आदेशानुसार धान्य दिल्यावर कार्ड ठेवून घेण्याचा दुकानदाराला अधिकार नाही. तो आदेश जीवनावश्यक वस्तू कायद्याखालचा असल्याने हा गुन्हा ठरतो. तरीही पाड्यावरची बाई दुकानदाराविरुद्ध तक्रार करू धजत नाही, कारण पुढच्या महिन्यात त्याच्याच दारात उभे राहायचे असते. अशा कुटुंबाला कार्ड ‘हरवले’ असे सांगूनच नवे घ्यावे लागते. त्यांच्याकडे पोलिसांचा दाखला मागणे म्हणजे त्यांना गप्प बसवणे आहे.

तिसरा प्रकार घराघरांतला आहे. अन्न सुरक्षा कायद्याच्या कलम १३ ने अठरा वर्षांवरील सर्वांत ज्येष्ठ स्त्रीला शिधापत्रिकेपुरते कुटुंबप्रमुख मानले. या कायद्यातील ही सर्वांत मोलाची तरतूद आहे. पण मारहाणीला कंटाळून मुलांना घेऊन बाहेर पडलेल्या स्त्रीच्या हातात कार्ड नसते, ते सासरच्या कपाटात असते. नवे कार्ड मागायला गेली की जुन्या कार्डातून नाव कमी केल्याचा दाखला मागतात, आणि तो दाखला काढायला मूळ कार्ड मागतात. जे परत मिळणे शक्य नाही त्याच्यावाचून पुढचे दार उघडत नाही. मुलांच्या वाट्याचे धान्य संगणकात त्यांच्या नावावर असते, उचलतो मात्र दुसराच कोणी. अशा अर्जांवर तहसीलदाराने स्त्रीच्या स्वयंघोषणेवर नावे वेगळी करून द्यावीत. नवऱ्याच्या संमतीची वाट पाहण्याचे काहीच कारण नाही.

या दिरंगाईची किंमत आता अधिकच वाढली आहे. केंद्राने जुलै २०२५ मध्ये नियंत्रण आदेशात केलेल्या दुरुस्तीनुसार सलग सहा महिने धान्य न उचललेली कार्डे तात्पुरती निष्क्रिय करून त्यांची पडताळणी करायची आहे. बोगस कार्डे शोधण्याचा हेतू कोणी नाकारणार नाही. पण ज्याचे कार्ड चोरीला गेले, ज्याला दुकानदाराने परत पाठवले आणि जो दुय्यम प्रतीसाठी खेपा घालत बसला, त्याचेही सहा महिने असेच निघून जातात. यंत्रणेच्या लेखी तो ‘धान्याची गरज नसलेला’ ठरतो. अशा नोंदी मुकाट्याने खोडल्या गेल्या की काय होते, ते झारखंडने दाखवले आहे. सिमडेगा जिल्ह्यात २०१७ च्या सप्टेंबरमध्ये अकरा वर्षांची एक मुलगी मरण पावली. आधार जोडले नाही म्हणून कुटुंबाचे रेशनकार्ड रद्द झाले होते. ती भुकेने गेली असे आई सांगत राहिली, सरकारने आजाराचे कारण दिले. मृत्यूच्या कारणावर वाद झाला, पण कार्ड रद्द झाले होते आणि घरात रेशन येत नव्हते. आधार पडताळणी फसली म्हणून कोणाचा लाभ रोखू नये, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ च्या निकालात स्पष्ट केले आहे. जिथे अंगठा न जुळल्याने धान्य रोखता येत नाही, तिथे पुस्तिका नसल्याने ते रोखणे कोणत्या नियमात बसते?

कार्ड हरवल्यावर माणसे इतकी घाबरतात, त्याचे कारण केवळ धान्य नाही. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेतून पाच लाखांपर्यंतचे उपचार घ्यायचे तर रुग्णालयात शिधापत्रिका विचारतात. ‘लाडकी बहीण’ योजनेत उत्पन्नाच्या दाखल्यातून सूट मिळते ती पिवळ्या-केशरी कार्डावर. उत्पन्नाचा दाखला, रहिवासी दाखला, शाळेतला प्रवेश, पुराच्या नुकसानीचा पंचनामा या सर्वांत ते पुढे करावे लागते. आणि २०१५ चा केंद्राचा नियंत्रण आदेश सांगतो की शिधापत्रिका ओळखीचा वा निवासाचा पुरावा म्हणून वापरायची नाही. सरकारची एक शाखा ज्या कागदाला पुरावा मानत नाही, दुसरी शाखा त्याच कागदावाचून फाइल हलवत नाही. आपत्तीत तर हे क्रूर ठरते. ज्याचे घर वाहून गेले त्यालाच घरातला कागद दाखवायला सांगितले जाते. पूरग्रस्त गावांत, आगीत जळालेल्या वस्त्यांत पुरवठा खात्याने संगणक आणि प्रिंटर घेऊन स्वतः जावे, अंगठा घ्यावा आणि तिथेच प्रत द्यावी. माहिती खात्याकडे आहे, ती लोकांकडे मागण्याची गरज नाही.

आमच्या मते राज्य सरकारने एवढे तातडीने करावे. मशीनवर अंगठा लागला आणि नाव दिसले तर पुस्तिका नाही या सबबीवर धान्य नाकारता येणार नाही, असा ठळक फलक प्रत्येक दुकानावर मराठी आणि हिंदीतही लावावा. दुय्यम शिधापत्रिकेसाठी पोलिसांचा दाखला आणि प्रतिज्ञापत्र मागणे लेखी आदेशाने बंद करावे. आधार आणि स्वयंघोषणा पुरे. ही प्रत सेतू केंद्रात त्याच दिवशी मिळावी. कोणतेही कार्ड निष्क्रिय करण्याआधी घरी लेखी नोटीस द्यावी आणि दुय्यम प्रतीचा अर्ज प्रलंबित असेल तर त्या काळात ते निष्क्रिय करू नये. हक्काचे धान्य मिळाले नाही तर अन्न सुरक्षा भत्ता देण्याची तरतूद कायद्याच्या कलम ८ मध्ये आहे. पुस्तिका नाही म्हणून ज्या महिन्याचे धान्य बुडाले, त्या महिन्याचा भत्ता कुटुंबाला मिळालाच पाहिजे. दोनचार तालुक्यांत असा भत्ता वसूल झाला तर बाकीची कार्यालये आपोआप सुधारतील.

वाचकांनाही एक विनंती. आपल्याकडे घरकामाला येणाऱ्या बाईच्या, इमारतीच्या वॉचमनच्या, शेतावरच्या मजुराच्या कार्डाच्या पहिल्या पानाचा फोटो आजच काढून त्यांच्या फोनमध्ये ठेवून द्या आणि बारा अंकी नंबर एका कागदावर वेगळा लिहून द्या. कार्ड हरवले म्हणून दुकानदाराने परत पाठवले तर १९६७ या टोल फ्री क्रमांकावर तक्रार करा, तिचा नंबर घ्या, आणि जमल्यास त्यांच्याबरोबर एकदा तहसीलच्या खिडकीपर्यंत जाऊन अर्जाची पोच मागून घ्या.