आहुती नको, साक्ष ऐका



स्त्रीहक्कांच्या त्रैमासिकात ख्रिस्ती संतांच्या आणि हुतात्म्यांच्या चरित्रांवर संपादकीय कशासाठी, असा प्रश्न काहीजणींना पडेल. जवाहरनगरच्या आमच्या वाचनगटात तो पडलाच. ‘आपल्याकडे सती-सावित्री काय कमी आहेत?’ असे एकीने विचारले. सती-सावित्रीच्या कथा चळवळीने पुष्कळ उलटून-पालटून पाहिल्या. ख्रिस्ती हुतात्म्यांच्या कथा मात्र ‘त्यांच्या धर्माचे आहे, आपण कशाला बोलायचे’ म्हणून बाजूला राहिल्या. वास्तविक हे वाङ्मय मराठीला परके नाही. फादर स्टीफन्सचे ख्रिस्तपुराण १६१६ सालचे, आपल्याच ओवीत लिहिलेले. वसईचा गोन्सालो गार्सिया १५९७ मध्ये जपानमधल्या नागासाकीला मारला गेला आणि १८६२ मध्ये संत ठरला. ख्रिस्ती घरांतल्या आपल्या मैत्रिणी ही चरित्रे ऐकत वाढल्या आहेत. तेव्हा त्यांच्याबरोबर बसून ती वाचणे हे आपलेही काम आहे.

सुरुवात शब्दापासून करू. मराठीत आपण ‘हुतात्मा’ म्हणतो, म्हणजे ज्याने स्वतःची आहुती दिली तो. इंग्रजीतल्या ‘मार्टर’ या शब्दाचे मूळ ग्रीक आहे आणि तिथे त्याचा अर्थ अगदी साधा आहे : साक्षीदार. जे पाहिले, जे खरे मानले, ते सांगणारा. या दोन शब्दांमधले अंतर बाईच्या बाबतीत फार महत्त्वाचे आहे. बाईकडून आहुती मागायला समाज नेहमीच तयार असतो. तिची साक्ष ऐकायला तयार नसतो.

संत बार्बराची कथा घ्या. बापाने तिला मनोऱ्यात कोंडले. तिने आपल्या मनाने धर्म निवडला म्हणून बापानेच तिचा शिरच्छेद केला आणि लगेच त्याच्यावर वीज कोसळली, अशी ती दंतकथा. विजेवरून ती स्फोटांची आणि पुढे तोफा-दारूगोळ्याच्या कामगारांची संरक्षक संत झाली. स्पॅनिश भाषेत जहाजावरच्या दारूच्या कोठाराला तिचेच नाव आहे. ऐतिहासिक पुरावा नाही म्हणून १९६९ मध्ये कॅथलिक चर्चने तिचे नाव आपल्या सार्वत्रिक दिनदर्शिकेतून वगळले. कथेतली वीज लोकांनी लक्षात ठेवली, बाप विसरले. मुलीने स्वतःचा निर्णय घेतला म्हणून घरच्यांनी तिला मारावे, हे आपल्याला वर्तमानपत्रातून चांगले माहीत आहे. आपण त्याला खून म्हणतो.

बार्बरा आम्हाला आणखी एका कारणाने जवळची वाटली. जवाहरनगर ही आयुध निर्माणीची वसाहत आहे. २४ जानेवारी २०२५ रोजी इथल्या स्फोटात इमारतीचे छत कोसळले आणि त्या दिवशी आठ कामगार गेले. त्याआधी १७ डिसेंबर २०२३ ला नागपूरजवळच्या बाजारगावातल्या स्फोटकांच्या कारखान्यात नऊ जण गेले, त्यांतल्या सहा बाया होत्या. अशा मृत्यूंना ‘बलिदान’ म्हणणे सोपे असते. पण तो शब्द वापरला की सुरक्षेत काय कमी होते, जबाबदार कोण, हे प्रश्न विचारणे अशिष्ट वाटू लागते. त्या बाया पोट भरण्यासाठी पाळीवर गेल्या होत्या. त्यांनी आहुती दिली नाही, त्यांचा जीव गेला.

दुसरी कथा मारिया गोरेट्टीची. १९०२ मध्ये इटलीत, अवघ्या अकरा वर्षांच्या या गरीब शेतकरी मुलीवर शेजारच्या तरुणाने बळजबरी करू पाहिली. तिने नकार दिला, त्याने तिला भोसकले. १९५० मध्ये ती संत झाली. तिचा नकार थोरच आहे. पण चरित्रांतून मुलींपर्यंत पोचतो तो संदेश वेगळा : भ्रष्ट होण्यापेक्षा मेलेले बरे. मग जी जिवंत राहिली तिचे काय? हा प्रश्न विदर्भाला नवा नाही. १९७२ मध्ये देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात मथुरा या आदिवासी मुलीवर बलात्कार झाला. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सोडले, आणि तिच्या अंगावर जखमांच्या खुणा नाहीत हे त्यातले एक कारण होते. म्हणजे मेलेलीचा नकार खरा, जिवंत असलेलीचा संशयास्पद. त्या निकालाविरुद्ध देशभर स्त्रिया उभ्या राहिल्या, तेव्हा कुठे १९८३ मध्ये कायदा बदलला.

या वाङ्मयात एक पुस्तक मात्र आपण जपून ठेवावे असे आहे. इसवी सन २०३ मध्ये, आजच्या ट्युनिशियातल्या कार्थेज शहरात पर्पेतुआ आणि फेलिसिती या दोघींना जनावरांपुढे टाकले. पर्पेतुआ बावीस वर्षांची, अंगावर पिणाऱ्या बाळाची आई. तुरुंगातले दिवस तिने स्वतः लिहून ठेवले. बाळाची काळजी, कोठडीतला अंधार, पाया पडून विनवणारा बाप, पडलेली स्वप्ने, सारे त्यात आहे. संताचा पुतळा दिसत नाही, एक बाई बोलताना ऐकू येते. फेलिसिती गुलाम होती. आठव्या महिन्यात ती तुरुंगातच बाळंत झाली. तिची कथा दुसऱ्याने लिहिली. एकाच मरणाला गेलेल्या दोघींपैकी घरंदाज बाई लिहू शकली, दासी लिहू शकली नाही. आपल्या चळवळीतही कोण लिहिते आणि कोणाबद्दल लिहिले जाते, हे यानिमित्ताने विचारून पाहावे.

मेलेल्या बाईची साक्ष दुसऱ्याच्या हाती गेली की ती कशासाठी मेली हेही दुसरेच ठरवतात. एडिथ स्टाइन ही ज्यू घरात जन्मलेली तत्त्वज्ञ पुढे कॅथलिक जोगीण झाली. १९४२ मध्ये नाझींनी तिला आउशवित्झला नेऊन मारले. १९९८ मध्ये चर्चने तिला हुतात्मा संत म्हणून गौरवले, तेव्हा अनेक ज्यूंनी हरकत घेतली : ती ज्यू होती म्हणून मारली गेली. हरकत बरोबर होती. मरणाचे कारण पुसले की मारणाऱ्याचा गुन्हाही अर्धा पुसला जातो.

याचा दाखला आमच्याच भंडारा जिल्ह्यात आहे. मोहाडी तालुक्यातल्या खैरलांजीत २९ सप्टेंबर २००६ ला भोतमांगे कुटुंबातल्या चौघांना ठार केले गेले. त्याआधी काही दिवस, एका परिचिताला झालेल्या मारहाणीबद्दल सुरेखा भोतमांगे आणि त्यांची मुलगी प्रियंका यांनी पोलिसांपुढे साक्ष दिली होती. त्या शब्दाच्या मूळ अर्थाने या दोघी साक्षीदार होत्या. न्यायालयांनी खून मान्य केले, पण जात हे कारण मानले नाही. २००८ मध्ये भंडाऱ्यात अॅट्रॉसिटीचा कायदा लागू झाला नाही, आणि २०१० मध्ये नागपूर खंडपीठानेही सूडाचेच कारण धरले. साक्ष देणारी बाई दलित होती, म्हणून तिच्या साक्षीचा एवढा राग आला, ही गोष्ट निकालातून निसटली.

म्हणून आपल्याला हुतात्मे नकोत, जिवंत साक्षीदार हवेत. २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजना देशभर लागू केली. महाराष्ट्राचा स्वतःचा कायदा २०१७ चा आहे. नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्यात, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत, अशी योजना करणे राज्यांना बंधनकारक आहे. पण पोलीस ठाण्यात तक्रार द्यायला निघालेल्या बाईला हे कोणी सांगत नाही. ते आपण सांगायचे. अर्ज कुठे करायचा ते समजावून द्यायचे, तारखेला तिच्यासोबत जायचे, गावात ती एकटी पडणार नाही हे पाहायचे.

आणि तिचे म्हणणे तिच्याच शब्दांत लिहून ठेवायचे, तिच्या संमतीने, तिला वाचून दाखवून. लिहिता येत नसेल तर बोललेले उतरवून घ्यायचे, आपले विशेषण न घालता. बायांनो, तुमच्या गटांनी अशी निवेदने जमा केली असतील तर आम्हाला कळवा. पुढच्या अंकात संतांची पाने कमी करून त्यांना जागा देऊ.