दिग्रसच्या कपाटात दिग्रस कुठे?

वऱ्हाडातील तालुक्याच्या गावी एखाद्या सुशिक्षित घरात पुस्तकांचे कपाट असले, तर त्यातील मांडणी बहुधा ठरलेली असते. वरच्या कप्प्यात ज्ञानेश्वरी, दासबोध आणि गीतेवरील एखादी टीका. मधल्या कप्प्यात शिवचरित्र आणि पेशवाईवरील दोनतीन जाडजूड कादंबऱ्या. खाली मुलांच्या स्पर्धा परीक्षेसाठी आणलेला भूगोलाचा संच. ही सारी पुस्तके घरात असायलाच हवीत, याविषयी दुमत नाही. परंतु यवतमाळ जिल्ह्यातील दिग्रसच्या एखाद्या मुलाने या कपाटापुढे उभे राहून 'आपल्या गावाभोवती पूर्वी काय होते?' असे विचारले, तर त्याला उत्तर देणारे पुस्तक तेथे सहसा सापडत नाही. रायगड आणि पानिपत त्याच्या परिचयाचे असतात. अरुणावतीचे खोरे मात्र धरणाच्या पाण्यापुरतेच ठाऊक असते. इतिहास पुण्या-साताऱ्याकडे घडला आणि इकडे केवळ कापूस पिकला, अशी त्याची समजूत झाली तर दोष त्याचा नव्हे.

वस्तुस्थिती काय आहे? दिग्रसच्या पश्चिमेला असलेले वाशीम म्हणजे प्राचीन वत्सगुल्म. वाकाटकांच्या एका शाखेची ही राजधानी. त्याच शाखेतील हरिषेणाच्या काळात, इसवी सनाच्या पाचव्या शतकात, अजिंठ्याची काही सर्वोत्तम लेणी कोरली गेली. ही शाखा स्वतंत्र होती, हे विद्वानांनाही फार उशिरा कळले. वाशीमला मिळालेला दुसऱ्या विंध्यशक्तीचा ताम्रपट १९३९ साली प्रकाशात आला आणि वंशावळीचा गुंता सुटला. तो प्रकाशात आणणाऱ्या दोघांपैकी एक होते यवतमाळचे य. खु. देशपांडे, महानुभाव वाङ्मयाचे गाढे अभ्यासक. या ताम्रपटात अथर्ववेदी ब्राह्मणांना दिलेल्या गावाचा पत्ता 'नांदीकडच्या उत्तर मार्गावर' असा सांगितला आहे आणि नांदीकड म्हणजे आजचे नांदेड, असे अभ्यासक मानतात. सोळाशे वर्षांपूर्वी नांदेडकडून उत्तरेस जाणारी वाट राजाच्या दप्तरात नोंदली गेली होती. आज वर्धा-यवतमाळ-नांदेड या नव्या रेल्वेमार्गाकडे डोळे लावून बसलेल्या दिग्रसकरांना ही गोष्ट कोणी सांगितली आहे काय? वा. वि. मिराशी यांचा 'वाकाटक नृपती आणि त्यांचा काल' हा ग्रंथ मराठीत आहे, नागपूरच्या विद्वानाने लिहिलेला आहे. तो किती घरांत पोहोचला, हे ज्याने त्याने आपल्या कपाटात पाहावे.

इतिहास, भूगोल आणि धर्म असे तीन कप्पे वेगळे करण्याची सवय शाळेने लावली. या भूमीतील जुन्या ग्रंथकारांना ती नव्हती. महानुभाव पंथाची 'स्थानपोथी' हे त्याचे उत्तम उदाहरण. श्रीचक्रधरस्वामींनी जेथे जेथे वास्तव्य केले त्या स्थानांची ही नोंद. कोणते देऊळ कोणत्या दिशेला तोंड करून आहे, कोणते स्थान कुठून किती अंतरावर आहे, हे तीत भक्तिभावाने, पण मोजणीदाराच्या काटेकोरपणे टिपले आहे. यादवकालीन महाराष्ट्राचा भूगोल शोधणाऱ्याला ही पोथी टाळता येत नाही. धर्मग्रंथ म्हणून हाती घ्यावी आणि नकाशा हाती यावा, असा तो प्रकार आहे. वि. भि. कोलते यांनी तिचे संपादन करून ठेवले आहे. मराठी भाषा विद्यापीठासाठी रिद्धपूरची निवड झाली आणि ३ ऑक्टोबर २०२४ रोजी मराठीला अभिजात भाषेचा दर्जा मिळाला, तेव्हा ठिकठिकाणी पेढे वाटले गेले. पेढ्यांबरोबर ही पोथीही घरी आली असती तर अधिक शोभले असते.

मात्र दिग्रसच्या संदर्भात खरी बोच दुसरीकडेच आहे. या परिसरात बंजारा समाजाचे तांडे दूरवर पसरलेले आहेत. संत सेवालाल महाराजांचे समाधिस्थान असलेले पोहरादेवी शेजारच्या मानोरा तालुक्यात आहे; तेथील बंजारा विरासत संग्रहालयाचे उद्घाटन ५ ऑक्टोबर २०२४ रोजी पंतप्रधान नरेंद्र मोदी यांच्या हस्ते झाले. महाराष्ट्राचे मुख्यमंत्रिपद १९६३ ते १९७५ असे सलग भूषविणारे वसंतराव नाईक पुसद तालुक्यातील गहुलीचे. एवढ्या मोठ्या समाजाविषयी वऱ्हाडात लिहिले गेलेले सर्वांत प्रसिद्ध जुने पुस्तक कोणाचे? वऱ्हाडच्या पोलीस खात्यातील कंबरलेज नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याचे. १८८२ साली ते मुंबईत छापले गेले आणि रसेलने १९१६च्या आपल्या जाती-जमातींवरील ग्रंथात त्याचाच आधार घेतला. तेथून ती माहिती पुढच्या लेखकांच्या लेखनात झिरपत गेली.

त्या पुस्तकातील प्रत्येक ओळ खोटी आहे, असे म्हणता येणार नाही. काही नोंदी आज मोलाच्या आहेत. पण ते लिहिणाऱ्याची नजर पोलिसाची होती आणि काळ होता १८७१च्या गुन्हेगार जमाती कायद्याचा. बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून देशभर लदेणी करणारा, सैन्याला रसद पुरविणारा समाज रेल्वे आणि सडका आल्यावर व्यवसायाला मुकला; आणि ज्यांच्या राज्यात तो मुकला, त्यांनीच त्याच्या नावापुढे संशयाचा शेरा मारला. तो कायदा १९५२ साली रद्द झाला, शेरा पुस्तकांतून पुसला गेला नाही. 'समरसता' हा शब्द आपल्या व्यासपीठांवर वारंवार उच्चारला जातो. मग शेजारच्या तांड्याची ओळख साहेबाच्या चष्म्यातून करून घेणे कितपत शोभते? आत्माराम राठोड यांचे 'तांडा' हे आत्मकथन घरात असावे, ते याचसाठी. ते सर्वांना रुचेलच असे नाही. रुचण्यासाठी ते लिहिलेलेही नाही.

एक प्रसंग संघाच्या स्वयंसेवकाला मुखोद्गत असतो. जुलै १९३० मध्ये डॉ. हेडगेवारांनी यवतमाळजवळ जंगल सत्याग्रह केला आणि कारावास पत्करला. लोकनायक बापूजी अणे यांनी त्याच महिन्यात पुसदला कायदेभंग केला होता. चरित्रात हा प्रसंग वाचून आपण पुढे जातो. पण साधे गवत कापणे हा गुन्हा कसा ठरला, राखीव जंगलाच्या रेषा कोणी आखल्या, त्या आखल्यावर गुरे कुठे चारायची, कोलाम आणि गोंड बांधवांचे काय झाले, हे प्रश्न चरित्रग्रंथाच्या कक्षेत येत नाहीत. त्यासाठी जिल्ह्याचे गॅझेटियर उघडावे लागते. १९०८चे इंग्रजी आमदानीतील आणि नंतरचे राज्य शासनाचे, अशी दोन्ही शेजारी ठेवून वाचली तर सरकार बदलल्यावर जिल्ह्याकडे पाहण्याची दृष्टी कुठे बदलली आणि कुठे तशीच राहिली, ते आपोआप दिसते.

बुलढाण्याचे वकील यादव माधव काळे यांनी १९२४ साली 'वऱ्हाडचा इतिहास' सिद्ध केला. ते प्राध्यापक नव्हते. वकिली सांभाळून त्यांनी हे काम केले आणि पुढे नागपूर प्रांताचाही इतिहास लिहिला. आज त्यांच्या काही मतांत दुरुस्ती करावी लागेल, पण त्यांच्यानंतर तालुक्यांच्या पातळीवर असे किती जण उभे राहिले?

यात ग्रंथालयांचीही जबाबदारी आहे. १९६७च्या ग्रंथालय कायद्याने गावोगावच्या वाचनालयांना अनुदानाचा आधार दिला. अनुदान तुटपुंजे आणि वेळेवर न मिळणारे, ही तक्रार रास्तच आहे. परंतु आलेल्या रकमेची पुस्तके निवडताना सवलतीची टक्केवारी आधी आणि विषय नंतर पाहिला जात असेल, तर त्याला शासन काय करणार? जानेवारी २०१९ मध्ये अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन यवतमाळला भरले. उद्घाटकाच्या निमंत्रणावरून जो वाद पेटला तो सर्वांच्या स्मरणात आहे. जिल्ह्याविषयीची कोणती पुस्तके त्या निमित्ताने जिल्ह्यात शिरली, याची चर्चा कुठे ऐकू आली नाही.

लग्नामुंजीत, सत्कारात, शाखेच्या कार्यक्रमात पुस्तके भेट देण्याची उत्तम प्रथा आपल्याकडे रुजली आहे. एकच शिवचरित्र एका घरात चार वेळा पोहोचते, इतकी ती रुजली आहे. चौथ्या वेळी काळे, मिराशी किंवा 'स्थानपोथी' द्यावी. प्रत बाजारात मिळत नसेल तर प्रकाशकाकडे वीसपंचवीस घरांची एकत्रित मागणी नोंदवावी. आणि त्या कपाटात एक कोरी वहीही असावी. तांड्यातील वृद्ध नायक, कापसाच्या बाजारात आयुष्य घालविलेले अडते, देवस्थानांचे जुने पुजारी आज हयात आहेत. धावंडा नदीला कोणत्या साली मोठा पूर आला, कोणती विहीर कोणी बांधली, कोणता तांडा कुठून येऊन वसला, हे त्यांना विचारायला दिवाळीची सुटी पुरेशी आहे.