सत्ता क्वार्टर वाटते

सत्तेवरची कादंबरी म्हटली की आपल्याला अरुण साधूंची ‘सिंहासन’ आठवते. मुख्यमंत्री, नाराज मंत्री, रात्रीच्या गाठीभेटी. अमेरिकेत बॉस्टन विद्यापीठात शिकवणारे चिनी कादंबरीकार हा जिन मात्र आपल्याला राजधानीत क्वचितच नेतात. त्यांची सत्ता भेटते ती कारखान्यात, क्वार्टर वाटणाऱ्यांच्या खोलीत. म्हणूनच ती जास्त ओळखीची वाटते.

‘इन द पॉन्ड’मधला (१९९८) शाओ बिन खत कारखान्यातला साधा कामगार. बायको आणि तान्ह्या मुलीसह एका खोलीत राहतो. नव्या घरांच्या यादीत साहेबांच्या मर्जीतली नावं लागतात, त्याचं नाही. हा गडी चित्रकार. वर्तमानपत्रात साहेबांचं व्यंगचित्र छापून आणतो आणि मग जुंपते. शेवटी वरचे अधिकारी त्याला चिरडत नाहीत. प्रचार विभागात नोकरी देतात! बंडखोराचा कुंचला सरकारजमा.

‘वेटिंग’मध्ये (१९९९) तर खलनायक शोधूनही सापडत नाही. लष्करी डॉक्टर लिन काँग दर उन्हाळ्यात घटस्फोटासाठी गावी जातो आणि हात हलवत परततो. इस्पितळाचा नियम असा, की अठरा वर्षं वेगळे राहिल्याशिवाय बायकोच्या संमतीविना घटस्फोट नाही. अठरा वर्षं भरतात, दुसरं लग्न होतं, आणि कळतं की प्रेम करायची सवयच मोडली आहे. या कादंबरीला अमेरिकेचा ‘नॅशनल बुक अवॉर्ड’ मिळाला.

हा जिन यांचा जन्म १९५६चा. पोरवयात ते चिनी सैन्यात गेले, १९८५मध्ये शिकायला अमेरिकेत आले. १९८९मध्ये बीजिंगमध्ये तिआनानमेनच्या आंदोलकांवर गोळीबार झाला आणि त्यांनी परतायचं नाही, इंग्रजीतच लिहायचं, असं ठरवलं. अमेरिकनांना हवा तसा चीन ते रंगवतात, असा आक्षेप त्यांच्यावर घेतला जातो. मला तो पटत नाही. त्यांचे अधिकारी राक्षस नाहीत. त्यांनाही घर हवंय, बढती हवीय, वरच्याची भीती आहे. परक्याला खूश करायला लिहिणारा इतकी माणुसकी खर्च करत नाही.

आपल्याकडेही बदलीच्या यादीसाठी, दाखल्यासाठी, घराच्या ताब्यासाठी माणसं वर्षानुवर्षं हेलपाटे घालतात. त्यांच्यावर कादंबरी लिहायला हुकूमशाही लागत नाही. मंत्रालयाच्या सहाव्या मजल्यावरून नजर काढून तालुक्याच्या कचेरीत बसणारा कादंबरीकार लागतो.