नृत्यगृहाच्या दाराशी

दुसऱ्या महायुद्धानंतरच्या ब्रिटनमधील तरुणांविषयी जे विपुल लेखन झाले, त्यात नीतीची चर्चा फार आणि वेतनाची थोडी आढळते. शनिवारची रात्र नृत्यगृहात घालवणारी मुले, त्यांचे लांब कोट, केसांची झुलपे आणि अमेरिकी संगीत यांवर वडीलधाऱ्यांनी मनसोक्त टीका केली. परंतु हा तरुण आला कोठून, याचे उत्तर अर्थव्यवस्थेतच शोधावे लागते.

कारखान्यांना माणसे हवी होती. पंधराव्या वर्षी शाळा सोडणाऱ्यासही काम मिळत होते. जुलै १९५४ मध्ये शिधावाटप संपले. मार्क एब्रम्स यांनी १९५९ साली १५ ते २५ वयाच्या अविवाहितांच्या खर्चाचा अभ्यास प्रसिद्ध केला. १९३८ च्या मानाने त्यांचे वास्तव उत्पन्न सुमारे ५० टक्क्यांनी, तर स्वेच्छेने खर्चता येणारी रक्कम १०० टक्क्यांनी वाढल्याचा त्यांचा अंदाज होता. ‘मेक्का’सारख्या नृत्यगृह कंपन्यांची भरभराट याच पैशावर झाली.

मात्र बाजारपेठ सर्वांना सारखेच लेखते, हा समज याच नृत्यगृहांनी खोटा ठरवला. वुल्व्हरहॅम्प्टनच्या स्काला बॉलरूममध्ये गौरेतर वादकांना मंचावर मुभा होती. गौरेतर ग्राहकांना मात्र नृत्यास मज्जाव होता. वादकांच्या संघटनेने सभासदांना तेथे वाजवू नका असे सांगितले, तेव्हा चालक न्यायालयात गेले. १९५८ साली त्यांची मनाईहुकुमाची मागणी फेटाळली गेली. खिशात पैसा असूनही दार बंद राहू शकते आणि नफ्याच्या ओढीने ते आपोआप उघडत नाही, हाच या प्रकरणाचा बोध. त्यासाठी १९६५ चा वंशसंबंध कायदा करावा लागला. त्यात नृत्यगृहांचा स्पष्ट उल्लेख होता. नोकरी आणि घर यांतील भेदभावाला तर १९६८ पर्यंत हातही लागला नाही. म्हणजे तिकिटाची बंदी उठली, पण तिकिटाचे पैसे जेथे मिळवायचे तेथील बंदी आणखी तीन वर्षे कायद्याबाहेरच राहिली.

१९१९ साली उघडलेले लंडनचे हॅमरस्मिथ पॅले २००७ मध्ये बंद पडले आणि २०१२ मध्ये पाडले गेले. त्या जागी विद्यार्थ्यांची निवासस्थाने उभी राहिली. नीतिरक्षकांना जे साधले नाही, ते पुनर्विकासाने साधले. तरुण पिढीची पारख तिच्या पोशाखावरून करणे सोपे असते; पण समाजाची पारख व्हावयाची ती त्याने तिला काम किती दिले आणि दार कोणाकोणासाठी उघडले, यावरूनच.