अरुणा राजे: संयोगचिन्हाआड गेलेले नाव

मध्यंतरी नागपुरात चित्रपट-इतिहासावरील एका व्याख्यानाला गेलो होतो. वक्ते व्यासंगी होते. फाळके, प्रभात, समांतर सिनेमा हा प्रवास त्यांनी रेखीवपणे मांडला. शेवटी मी विचारले, 'अरुणा राजे यांचे नाव कसे आले नाही?' उत्तर आले, 'विकास देसाईंबरोबर काम करीत, त्याच ना?' सभागृहात कोणालाही त्यात वावगे वाटले नाही. मला वाटले, म्हणून हा धागा.

१९६० साली पुण्यात, प्रभातच्या जुन्या आवारात, फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. तोवर संकलन शिकायचे म्हणजे एखाद्या उस्तादाच्या हाताखाली वर्षानुवर्षे उमेदवारी करायची. आणि ती खोली बहुतांशी पुरुषांची. इन्स्टिट्यूटमुळे प्रवेशाची किल्ली उस्तादाच्या खिशातून परीक्षेकडे आली. अरुणा राजे १९६९ मध्ये तेथून संकलनाचे सुवर्णपदक घेऊन बाहेर पडल्या. हिंदी चित्रपटसृष्टीतील पहिली प्रशिक्षित स्त्री तंत्रज्ञ असा त्यांचा उल्लेख केला जातो.

'संकलन म्हणजे नकोसा भाग कापणे' अशी समजूत असलेल्यांसाठी थोडे गणित. ३५ मिमी फिल्मच्या एका फुटात सोळा चौकटी. पडद्यावर सेकंदाला चोवीस सरकतात. अडीच तासांचा चित्रपट म्हणजे साडेतेरा हजार फूट, आणि प्रत्यक्षात चित्रित झालेली फिल्म त्याहून कितीतरी अधिक. त्या ढिगातून कोणता चेहरा किती वेळ दिसावा, दार उघडण्याआधी प्रेक्षकाला किती थांबवावे, हे संकलक ठरवतो. हॉलिवूडची डोरोथी आर्झनर याच टेबलावरून उठून दिग्दर्शिका झाली. तिला कारागीर म्हणून कोणी बाजूला सारत नाही.

विकास देसाई हेही त्याच इन्स्टिट्यूटचे. 'अरुणा-विकास' या जोडनावाने दोघांनी 'शक' (१९७६), 'गहराई' (१९८०) आणि 'सितम' (१९८२) दिग्दर्शित केले. 'गहराई'च्या लेखनात विजय तेंडुलकर होते. भूतबाधेचा विषय असूनही तो चित्रपट किंचाळत नाही. मुलीला काय झाले आहे याहून आईबाप एकमेकांकडे कसे पाहू लागले आहेत, यावर तो रेंगाळतो. हे रेंगाळणे संकलकाच्या मनातून येते, असे माझे मत आहे. शेखर कपूर यांच्या 'मासूम'च्या (१९८३) संकलनावरही हेच जोडनाव आहे.

कोणी म्हणेल, जोडनाव त्यांनीच निवडले होते. मान्य. विकास देसाईंचे श्रेय हिरावण्याचा येथे हेतू नाही. एकत्र केलेल्या कामाची वाटणी तराजूत होत नसते. पण संयोगचिन्हाच्या दोन्ही बाजू सारख्या असतात, हे व्याकरण आपण का विसरतो? चित्रपट जोडीचा, पण सोबतीला मात्र एकच जण, आणि ती स्त्री. ही करामत पडद्यावरच्या श्रेयनामावलीने केलेली नाही, तिच्या वाचकांनी केली आहे.

शिवाय जोडनाव सुटल्यावर काय घडले, तेही पाहा. १९८८ चा 'रिहाई' एकट्या अरुणा राजे यांचा. गावातले पुरुष कामासाठी शहरात गेलेले; मागे राहिलेल्या स्त्रियांपैकी एक, हेमा मालिनी यांची टकू, परपुरुषापासून गरोदर राहते आणि गर्भपाताला नकार देते. चित्रपट तिला पश्चात्तापाने रडवत नाही. शहरात गेलेल्या नवऱ्यांच्या चारित्र्याचा हिशेब पंचायत का मागत नाही, असा प्रश्न तो उभा करतो. हिंदी पडद्यावर, इतक्या मोठ्या तारकेच्या तोंडून, १९८८ साली!

'पण त्यांनी चित्रपटच मोजके केले', हा दुसरा आक्षेप. 'भैरवी' १९९६ मध्ये, 'तुम' २००४ मध्ये, आणि मराठीतील 'फायरब्रँड' २०१९ मध्ये, सत्तरी ओलांडल्यावर. ही अंतरे मलाही बोचतात. मात्र चित्रपट काढायला भांडवल लागते, आणि परपुरुषापासून गरोदर राहूनही मान ताठ ठेवणाऱ्या बाईच्या कथेवर पैसा लावायला कोण धावत येतो? पुरुष दिग्दर्शकाच्या मोजक्या चित्रपटांना आपण 'निवडक' म्हणतो, हे जाता जाता.

आता 'पहिली कोण' हा वाद कृपया उकरू नका. फातमा बेगम यांनी १९२६ मध्येच 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला होता. रेणू सलुजा यांनी संकलनासाठी चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले, पण 'परिंदा' म्हटले की त्यांचे नाव किती जणांना आठवते? पहिलीचा शोध घेता घेता आपण दुसरी, तिसरी आणि दहावीही गमावत आलो.

त्या वक्त्यांचे पुढील व्याख्यान ऐंशीच्या दशकावर असल्याचे कळते. नागपूरकरांनो, जमल्यास त्याआधी 'रिहाई' पाहून ठेवा. प्रश्न विचारायला या वेळी मी एकटा नसावा.