स्पष्ट झाले म्हणजे सुधारले का?

जुने व्हिडिओ गेम आता संगणकावर इम्युलेटरने चालतात आणि त्यांचे चित्र मूळ यंत्रापेक्षा कितीतरी स्पष्ट करता येते. पण स्पष्ट झाले म्हणजे सुधारले, असे समजणे घाईचे ठरेल.

१९९४ साली जपानमध्ये आलेले सोनीचे प्लेस्टेशन घ्या. त्याचे अनेक खेळ ३२० बाय २४० पिक्सेलच्या आसपास चित्र काढत. त्रिकोणांचे कोपरे पूर्ण पिक्सेलवरच बसत, म्हणून भिंती थरथरत. खोलीचा हिशेब न धरता टेक्श्चर ताणले जाई, म्हणून फरशी वाकडी दिसे. हे दोष आजचे इम्युलेटर दूर करू शकतात. ते जरूर करावेत, कारण ती यंत्राच्या गणिताची मर्यादा होती.

सेगाच्या मेगा ड्राइव्हवरील 'सॉनिक द हेजहॉग' (१९९१) मात्र वेगळे आहे. त्यातील धबधबा उभ्या पट्ट्यांनी रंगवला आहे. जुन्या टीव्हीवर, साध्या व्हिडिओ केबलमधून, त्या पट्ट्या एकमेकींत मिसळत आणि पाणी पारदर्शक भासे. चित्र धारदार केले की पाणी जाते, नुसते गज उरतात. इथे जुन्या पडद्याचा आभास देणारे शेडर वापरणे हीच खरी सुधारणा आहे.

तेव्हा यंत्राची चूक खुशाल दुरुस्त करा, पण चित्रकाराने जाणूनबुजून केलेली निवड पुसू नका. आणि काहीही बदलले, तरी ते पडद्यावर दाखवतानाच बदलावे. मूळ फाइल जशीच्या तशी राहू द्या; नाहीतर आपण काय बदलले, हे पुढच्या पिढीला कधीच कळणार नाही.